निवडुंगाला तीर्थ

“पण माई, मी त्याला एक दिवस उपाशी ठेवलेलं नाही. मग हे सडलं कसं?”

भानुदासनं कुंडी ओट्यावर ठेवली, अगदी येसूमाईंच्या पायाशी.

माई पाय पसरून मशेरी लावत बसल्या होत्या. त्यांनी कुंडीकडं पाहिलं नाही. दात घासून झाले, चूळ भरली, पदरानं तोंड पुसलं. मग काट्यांतून वाट काढत निवडुंगाच्या बुडाला अंगठ्यानं दाबून पाहिलं.

अंगठा आत गेला.

“सडलंय,” त्या म्हणाल्या.

“ते मलाही दिसतंय. मी विचारतोय, कसं?”

माईंनी अंगठा हुंगला, नाक मुरडलं आणि पदराला पुसला.

“भाईर कोन बसलंय?”

“...कुणी नाही.”

“असं. मग मगाशी पानी कुनी मागितलं?”

भानुदास कुंडीतल्या मातीकडं बघत राहिला. मातीत बघण्यासारखं काही नव्हतं.

येसूमाईंचा मठ म्हणजे दोन खोल्या, भैरवनाथाची एक घुमटी आणि वारा. सह्याद्रीच्या एका उंच सोंडेवर हे सगळं होतं. लोक धापा टाकत वर यायचे, माईंना काहीबाही विचारायचे, आणि माई त्यांना विचारलेलं सोडून दुसरंच काहीतरी सांगायच्या. तरी लोक यायचे. उतरताना त्यांचे चेहरे चढतानापेक्षा बरे दिसायचे, एवढं खरं.

भानुदास खाली असताना शाळेत संस्कृत शिकवायचा. वर आल्यावर त्याचं शिकवणं सुटलं नाही, फक्त विद्यार्थी बदलले. माई बोलायच्या थोडं, म्हणून उरलेलं तो बोलायचा. आलेल्या मंडळींना ओट्यावर बसवून तासभर प्रवचन द्यायचा. माई तेवढ्या वेळात डाळ निवडून घ्यायच्या.

हा निवडुंग त्याचा लाडका होता. डोंगर चढण्याचं वेड असलेला एक पाहुणा तो घेऊन आला होता. सातासमुद्रापलीकडं म्हणे आभाळाला टेकलेले डोंगर आहेत, थंड आणि कोरडे. तिथल्या खडकांच्या फटीत ही जात उगवते. नारळाएवढा गोल, अंगावर उभ्या पन्हळी, आणि पन्हळींच्या धारेवर पिवळट काट्यांचे झुबके.

आला तेव्हा त्याच्या डोक्यावर एक फूल होतं. लाल. चुलीत फुंकर घातली की निखारा जसा आतून उजळतो, तसं लाल. माई सुद्धा हातातली डाळ खाली ठेवून त्याच्याकडं बघत बसल्या होत्या.

“पावसाळ्यात वळचणीला ठेवा,” पाहुण्यानं सांगितलं होतं. “आणि थंडीत पाणी बंद. अगदी बंद. सुरकुतला तरी घाबरू नका. गारठा खाल्ला की उन्हाळ्याच्या तोंडाला फुलतो.”

भानुदासनं मान हलवली होती. मनात मात्र त्याला त्या माणसाची कीव आली होती. झाडाला उपाशी मारायचं आणि वर त्याच्याकडून फूल मागायचं! असली माणसं डोंगर चढतात, पण त्यांचं मन काही चढत नाही, असं त्यानं पुढं एका प्रवचनात सांगितलंही.

मठात रोज सकाळी भैरवनाथाला अभिषेक व्हायचा. पाणी, वर थोडं दूध. ते तीर्थ कुणाच्या पायदळी येऊ नये म्हणून झाडाच्या बुडाशी ओतायचं, ही तर सगळीकडचीच रीत. मठात तुळस होती, जांभूळ होतं, आवाराच्या कडेला कण्हेर होती. भानुदासनं ते तीर्थ निवडुंगाला घालायला सुरुवात केली.

“तुळशीला काय, कुणीही घालतं,” तो लोकांना सांगायचा. “जो परका आहे, जो काटेरी आहे, त्याला तीर्थ द्यायला मन मोठं लागतं.”

लोक माना डोलवायचे. बायका डोळे पुसायच्या. निवडुंगाला कुणी विचारलं नाही.

थंडीत वारा सुटला की भानुदास कुंडी आत आणून धुनीजवळ ठेवायचा. तिथं तीर्थाचं पाणी कोमट व्हायचं. निवडुंग फुगला, तुकतुकीत झाला, बाळसं धरल्यासारखा दिसू लागला. फुलाचं मात्र नाव नको. आणि आज वैशाखातल्या सकाळी भानुदासनं कुंडी उचलली, तर निवडुंग एका बाजूला कलला आणि बुडातून तांबूस पाणी गळलं.

पुढं तो फुलला, हे आत्ताच सांगून टाकतो. नाहीतर फुलासाठी म्हणून तुम्ही शेवटपर्यंत ताटकळाल. एक सोडून चांगली पाच-सहा फुलं आली, सगळी एका वेळेला, आणि ती बघायला खालच्या वाडीतली माणसं वर आली. पण ही गोष्ट फुलाची नाही. ही गोष्ट बाहेर बसलेल्या माणसाची आहे.

बाहेर, पायऱ्यांच्या खाली, उंबराच्या सावलीत सर्जेराव बसला होता. भानुदासचा धाकटा भाऊ.

तो दरवर्षी यायचा. वैशाखात आईची तिथी असायची आणि आदल्या दिवशी सर्जेराव डोंगर चढून थोरल्या भावाला जेवायला बोलवायला यायचा. पहिल्या वर्षी भानुदासनं त्याला वरूनच सांगितलं होतं, “पायरी चढू नकोस.” सर्जेरावनं पायरी चढली नाही. त्या वर्षी नाही आणि नंतरही नाही. उंबराखाली बसायचा. माई त्याला पाणी आणि भाकरी नेऊन द्यायच्या. ऊन उतरलं की तो वर बघून हात जोडायचा आणि निघून जायचा.

या वर्षी माई उठल्या नव्हत्या.

“त्याचं गुडघं गेल्यात,” माई म्हणाल्या. “येताना वाटंत बसला व्हता, तवा वाडीतल्या बाईला बोलला. म्हनला, आता फुडल्या साली काय जमायचं न्हाय. ह्यो शेवटचा फेरा.”

भानुदासनं चेहरा हलू दिला नाही.

“माई, संन्याशाला भाऊ नसतो. तिथीही नसते.”

“तुला संन्यास कुनी दिला?”

“...म्हणजे?”

“मी दिल्याचं तर मला याद न्हाय.”

भानुदासनं आपल्या भगव्या छाटीकडं पाहिलं. ती त्यानं वाईच्या बाजारातून स्वतःच आणली होती. इतकी वर्षं ती अंगावर होती की तिचं कूळ-मूळ तोही विसरला होता.

“मनानं घेतला,” तो म्हणाला.

“बरं केलंस. मनाला इचारून घ्यायचं आसलं की लई सोपं जातं.”

बाहेरून खोकल्याचा आवाज आला. कोरडा, घसा धरल्यासारखा. माईंनी तो ऐकला आणि भानुदासनंही ऐकला. आपण ऐकलेलं दुसऱ्याला कळलंय, हेही दोघांना कळलं.

“इळी आन,” माई म्हणाल्या.

“विळी? कशाला?”

“आन तर.”

त्यानं विळी आणली. माईंनी फडक्यात धरून निवडुंग कुंडीतून उपटला. मुळं अशी काही राहिलीच नव्हती, काळपट चिखल नुसता. त्यांनी विळी पायाखाली दाबली, निवडुंग पात्यावर धरला आणि भोपळा चिरावा तसा बुडाचा भाग कापून टाकला.

“माई!”

कापलेल्या जागी मधोमध तपकिरी कडं दिसत होतं. माईंनी ते बघितलं आणि त्याच्या वर आणखी एक चकती कापली.

कडं होतंच. जरा फिकट, पण होतं.

पुन्हा चकती.

“बास, माई. अशानं काही उरायचं नाही.”

“सडकं ठिवलं तर काय उरंल?”

भानुदासला ते बघवत नव्हतं आणि तिथून उठवतही नव्हतं. इतक्या मायेनं वाढवलेलं झाड, आणि ही बाई त्याच्या चकत्या पाडतेय. त्याच्या मनात आलं, माई माझ्यावरचा राग झाडावर काढताहेत. मग त्याचं त्यालाच वाटलं, असला हिशेब आपल्यालाच कसा सुचतो.

आणखी एक चकती पडली. आता आतला गर पांढुरका-हिरवा होता, नितळ. कुठं डाग नाही. नारळाएवढा निवडुंग लिंबाहून जरा मोठा उरला होता.

“हां,” माई म्हणाल्या. “हितनं खरा.”

भानुदास लगबगीनं उठला. दुसरी कुंडी आणली, ताजी माती भरली. अभिषेकाचा तांब्या कोनाड्यात तसाच भरलेला होता, सकाळच्या गडबडीत ओतायचा राहिलेला. तोही घेऊन आला. निवडुंगाचा तो तुकडा उचलून मातीत खोचायला गेला, तशी माईंनी त्याच्या मनगटावर चापट मारली. बऱ्यापैकी जोरात.

“वली जखम मातीत घालतोस?”

“मग? मुळं नाहीत त्याला. पाण्यावाचून मरेल.”

“न्हाय मरत.” त्यांनी तो तुकडा उचलला आणि ओट्याच्या भिंतीवर, सावलीत, कापलेली बाजू वाऱ्याला करून ठेवून दिला. माती नाही, पाणी नाही, काही नाही. “राहू दे हितं.”

“किती दिवस?”

“सुकंस्तवर. वर खपली धरली पायजे. आपला बांधावरचा फड्या निवडुंग बगितला न्हाईस? तोडून टाकला की सुकतो, आन सुकला की मग फुटतो.”

“आणि मुळं?”

“कोरड्याला फुटत्यात. ज्याला बसल्या जागी पानी मिळतंय, त्यो कशाला मुळं सोडील?”

वारा आला. तुकडा भिंतीवर जरासा डुलला आणि स्थिरावला.

भानुदास त्याच्याजवळ वाकला. तो मूर्ख नव्हता. शास्त्रं वाचलेला माणूस, दृष्टांत समोर आला की त्याला वास यायचा.

“माई,” तो सावकाश म्हणाला, “म्हणजे तुम्हाला असं सुचवायचंय की माझ्या मनातला तो घाव मी रोज—”

“मी निवडुंगाचं बोलतीया,” माई म्हणाल्या.

“...हो.”

“तुला सवय हाय. काय बी दिसलं की त्याचं परवचन करायचं.”

भानुदास ओशाळला. पण घाव म्हणताच घाव समोर आला होता, आणि आता तो काही परत जायला तयार नव्हता.

आई गेली तेव्हा भानुदास काशीला होता. पंडितांची सभा होती आणि त्याचं भाषण होतं. निरोप मिळाला तसा तो अंगावरच्या कपड्यांनिशी निघाला. ‘मी निघालोय, थांबा’ असा उलट निरोपही त्यानं धाडला होता. दोन गाड्या बदलल्या, रात्रभर उभ्यानं प्रवास केला. आईचा चेहरा एकदा बघायचा, तिच्या तोंडात गंगाजल घालायचं, थोरल्या मुलाचा हक्क म्हणून अग्नी द्यायचा. गंगाजलाची गडवी त्यानं छातीशी धरून आणली होती.

तो गावात पोचला तेव्हा राख गरम होती.

सर्जेराव ओल्या अंगानं नदीवरून परतत होता. त्यानंच अग्नी दिला होता. त्याला बघून सर्जेराव काही बोलायला पुढं आला, आणि भानुदासनं हात वर करून त्याला थांबवलं. “तू आई घेतलीस. आता भाऊही मेला समज,” एवढं म्हणून तो वळला. गडवी नदीत रिकामी केली. आणि काही दिवसांनी डोंगर चढून माईंकडं आला.

ते सगळं त्यानं सोडून दिलं होतं, असं तो सांगायचा. रोज सांगायचा. क्षमेवरचं त्याचं प्रवचन तर पंचक्रोशीत नावाजलेलं होतं. आणि रोज सकाळी अभिषेक करताना, पाण्याची धार धरली की, त्याच्या मनात तेच यायचं... हे पाणी तिच्या तोंडात पडायचं होतं.

बाहेर पुन्हा खोकला आला. या वेळेला बराच वेळ थांबला नाही.

भानुदासच्या हातात तांब्या तसाच होता.

“माई, हे तीर्थ आता कुठं ओतू?”

माई चकत्या गोळा करत होत्या. त्यांनी मान वर केली नाही.

“तहान कुनाला हाय?”

“तीर्थ आहे, माई.”

“पानी हाय.”

भानुदास उभा राहिला. मग दोन पावलं गेला. मग परत आला. माई पाठमोऱ्या होत्या. त्यांची पाठ काही सांगत नव्हती, ‘जा’ही नाही आणि ‘जाऊ नको’ही नाही. असल्या वेळी गुरूनं जरा ओरडावं, असं त्याला मनापासून वाटलं. ओरडलं असतं तर भांडता तरी आलं असतं.

तो पायऱ्या उतरू लागला.

त्याला वाटलं होतं, आपण रागानं थरथरू. प्रत्यक्षात त्याला भीती वाटत होती. काशीच्या सभेत उभं राहताना वाटली नव्हती एवढी.

सर्जेराव उंबराला टेकून बसला होता. टोपी गुडघ्यावर, काठी शेजारी. केस पांढरे झाले होते. कपाळावर वडिलांसारख्या आठ्या पडल्या होत्या. हे कधी झालं, असं भानुदासच्या मनात आलं. दरवर्षी तो वरून फक्त त्याची टोपी बघायचा.

भावाला उतरताना बघून सर्जेराव गडबडला. काठी शोधू लागला, उठायला गेला, पायाला हात लावायला वाकला, आणि गुडघ्यानं दगा दिला. भानुदासचा हात आपोआप पुढं गेला. त्यानं दंड धरला.

दंड किती बारीक झाला होता.

“बस,” भानुदास म्हणाला. इतक्या वर्षांनी भावाशी बोललेला हा पहिला शब्द.

सर्जेराव बसला.

“ओंजळ कर.”

त्यानं ओंजळ पुढं केली. भानुदासनं वरून धार धरली. सर्जेराव घटाघटा प्यायला, दम घेतला, पुन्हा ओंजळ केली. मग त्याला चंदनाचा वास आला आणि दूधही लागलं असावं. तो एकदम थांबला. ओला हात डोक्याला पुसायला गेला.

“दादा... तीर्थ हाय व्हय ह्ये?”

“पाणीच आहे,” भानुदास म्हणाला. “पी.”

तांब्या रिकामा झाला. आता हातात काही करण्यासारखं उरलं नाही. उंबरावर कुठलातरी पक्षी एकसारखा ओरडत होता. दोघं भाऊ त्याचं ऐकत बसले, जणू तोच काही महत्त्वाचं सांगतोय.

शेवटी भानुदासनं ते विचारलं. लोकांना, भैरवनाथाला, स्वतःला त्यानं शंभरदा विचारलं असेल. ज्याला विचारायचं त्याला कधी विचारलं नव्हतं.

“का थांबला नाहीस?”

सर्जेरावनं टोपी गुडघ्यावरून उचलली, झटकली, पुन्हा ठेवली.

“थांबलो व्हतो, दादा. दिवस मावळस्तवर थांबलो. समदी मानसं उठा उठा म्हनत व्हती, तरी मी न्हाय उठलो.”

“मग?”

“वैशाख व्हता... उकाडा कसला व्हता. आईचं तोंड बदलाया लागलं, दादा. मी बसून बगत व्हतो नव्हं. माझ्यासमोर बदलत गेलं. म्हनलं, ह्यो येवढ्या लांबनं येनार आन हे बगनार... तुझ्या डोळ्यात ती काशीला जाताना दारात हुबी व्हती तशी ऱ्हाऊ दे म्हनलं. मी बगितलं त्ये बगितलं. दोगांनी कशाला बगायचं.”

पक्षी उडून गेला.

“हे सांगितलं का नाहीस मला?”

“तू इचारलंस कवा?”

यावर भानुदासकडं काही नव्हतं. एक सुभाषित नाही, एक श्लोक नाही. तो भावाच्या शेजारी मातीत बसला आणि रडला. प्रवचनात उपरण्याच्या टोकानं डोळे टिपायचा तसा नाही. नाक गळेपर्यंत रडला, लहानपणी आई रागवली की रडायचा तसा. सर्जेरावनं पहिल्यांदा भीतभीत त्याच्या पाठीवर हात ठेवला. मग हात ठेवूनच तोही रडला, आणि रडता रडता खोकला, आणि खोकता खोकता दोघांनाही हसू आलं. का, ते दोघांनाही सांगता आलं नसतं.

“रोज दिसतं मला ते,” सर्जेराव डोळे पुसत म्हणाला. “आईचं त्ये तोंड. बायकूला बी सांगितलं न्हाय. आज तुला सांगितलं.”

म्हणजे एवढी वर्षं हा ते एकटा घेऊन डोंगर चढत होता. दरवर्षी चढला, पाणी प्याला आणि तसंच घेऊन उतरला. आणि आपण वर धुनीजवळ बसून क्षमेवर बोलत होतो. भानुदासला इतकी लाज वाटली की उंबराच्या मुळात शिरावंसं वाटलं. पण त्या लाजेच्या खाली, फार वर्षांनी, काहीतरी हलकंही वाटत होतं. आई दारात उभी दिसत होती. हातात डबा, डोक्यावर पदर. ‘वेळेवर जेव रे,’ म्हणत होती. ती तशीच राहिली होती त्याच्याजवळ. कुणीतरी ती त्याच्यासाठी राखली होती.

“पायरी चढ,” तो म्हणाला.

“आं?”

“वर चल. भाकरी खाऊ. मग दोघं मिळून उतरू.”

“दोगं?”

“उद्या तिथी आहे ना? मग मला न्यायलाच आलायस ना तू?”

सर्जेरावनं काठी उचलली आणि पहिल्या पायरीवर पाय ठेवण्याआधी वाकून तिला हात लावला. भानुदासनं मान दुसरीकडं वळवली. ते त्याच्यानं बघवलं नाही.

माईंनी दोघांना वाढलं. भाकरी, पिठलं, ठेचा. कुणाला काही विचारलं नाही. सर्जेराव जेवत असताना त्यांनी त्याच्या गुडघ्याला लावायला तेल कोमट केलं आणि वाटी त्याच्यापुढं सरकवली.

ऊन कलल्यावर भानुदास तयारीला लागला. आणि तयारीला लागला तसा तो पुन्हा पहिल्यासारखा भानुदास झाला. माणूस एका दुपारीत किती बदलणार! त्यानं झोळी काढली. तिच्यात भैरवनाथाचा अंगारा घेतला, नारळ घेतला. अभिषेकाचं पाणी एका बाटलीत भरून घेतलं, घरात शिंपडायला. गीतेची पोथी घेतली. जरा विचार करून रुद्राक्षांच्या दोन-तीन माळाही घेतल्या, सर्जेरावच्या मुलांना द्यायला. झोळी चांगली फुगली.

सर्जेराव पायऱ्या उतरून खाली उभा होता, काठी टेकून, वर बघत. आता त्याला घाई नव्हती.

भानुदास माईंच्या पाया पडला.

“येतो, माई. तिथी झाली की परत येईन. संध्याकाळी तिथं चार शब्द बोलावेत म्हणतो. भावकी जमलेली असेल. आई या विषयावर मी आजवर कधी बोललो नाही. आता बोलता येईल असं वाटतंय.”

माईंनी त्याच्या फुगलेल्या झोळीकडं पाहिलं.

“आणि घर शुद्ध करून घेतो म्हणजे... तसं काही नाही, पण इतक्या वर्षांनी चाललोय, काहीतरी घेऊन गेलं पाहिजे ना? मी थोरला आहे. मी काय देऊ त्याला, माई? एवढ्या वर्षांचं कसं फेडू? काय नेऊ?”

माई उठल्या. त्याच्या खांद्यावरची झोळी उतरवून घेतली, खुंटीला अडकवली. त्याचे दोन्ही हात आपल्या हातांत घेतले, उलटे केले, तळवे वर. त्या तळव्यांत काही नव्हतं. पाहुणी आलेली लेक सासरी परत निघाली की आईनं तिच्या हातांकडं बघावं, तशा माई त्या तळव्यांकडं बघत राहिल्या.

“असाच जा,” त्या म्हणाल्या. “तू जेवाया चाललायस, भानुदास... वाढाया न्हाय.”